जंताच्या लेखी माणूस म्हणजे उंदीर

प्रश्न : माझा मुलगा लातूरला शिकतो. मोबाइलवर आलेली एक बातमी त्यानं मला वाचून दाखवली. ऑस्ट्रेलियात एका बाईच्या मेंदूतून डॉक्टरांनी जिवंत जंत बाहेर काढला आणि तो अजगराच्या पोटातला जंत होता म्हणे. तेव्हापासून माझं मन थाऱ्यावर नाही. आमचं शेत ओढ्याकाठी आहे. बांधावर धामण नेहमी दिसते, नागही अधूनमधून निघतो. पावसाळ्यात त्याच बांधावरची पाथरी, तरोटा, कुंजीर मी खुडून आणते. थंडीत हरभऱ्याच्या कोवळ्या पाल्याचा घोळाणा आम्ही कच्चाच खातो. नागपंचमीला सासूबाई वारुळाची माती कपाळाला लावतात, लेकरांनाही लावतात. हे सगळं बंद करावं का? सापापासून असा रोग आपल्याकडेही होतो का?
– एक वाचक भगिनी, ता. अहमदपूर, जि. लातूर

उत्तर : ताई, बातमी खरी आहे. मात्र अशा बातमीच्या मथळ्यात अजगर आणि मेंदू एवढंच येतं, आणि ज्यातून आपण काही शिकावं तो भाग गळून जातो. म्हणून आधी ती हकीकत नीट सांगतो.

ही बाई ६४ वर्षांची, ऑस्ट्रेलियाच्या न्यू साउथ वेल्स राज्याच्या आग्नेय भागात राहणारी. तीन आठवडे पोटदुखी आणि जुलाब, त्यामागून कोरडा खोकला आणि रात्री दरदरून घाम, अशा तक्रारी घेऊन जानेवारी २०२१ च्या अखेरीस ती तिथल्या रुग्णालयात दाखल झाली. रक्ततपासणीत इओसिनोफिल नावाच्या पांढऱ्या पेशी खूप वाढलेल्या निघाल्या. फुप्फुसावर डाग होते, यकृतात आणि प्लीहेतही काही ठिकाणी बिघाड दिसत होता. इओसिनोफिल वाढले की डॉक्टरांच्या मनात दोन गोष्टी प्रामुख्यानं येतात, ॲलर्जी किंवा जंत. जंत शोधले, सापडले नाहीत. मग शरीराची स्वतःचीच प्रतिकारशक्ती बिघडली असावी असं समजून स्टेरॉइड सुरू झाली, पुढं इओसिनोफिल कमी करणारं आणखी एक औषध जोडलं गेलं. पेशी कमी झाल्या, थोडा आराम पडला.

२०२२ मध्ये नवंच दुखणं समोर आलं. तिला विसर पडू लागला, मन खिन्न राहू लागलं, आणि तीन महिन्यांत हे वाढतच गेलं. मेंदूचा एमआरआय काढला तेव्हा उजव्या बाजूच्या पुढच्या भागात १३ बाय १० मिलिमीटरची एक गाठ दिसली. जून २०२२ मध्ये कॅनबेरा हॉस्पिटलमध्ये न्यूरोसर्जन डॉ. हरिप्रिया बंडी यांनी गाठीचा तुकडा तपासायला घेण्यासाठी शस्त्रक्रिया केली. चिमट्यात आला तो ८ सेंटिमीटर लांब, दोऱ्यासारखा बारीक, लालसर आणि वळवळणारा जंत. त्यांनी लगेच त्याच रुग्णालयातले संसर्गरोगतज्ज्ञ डॉ. संजया सेनानायके यांना कळवलं. जंत ओळखू येईना, म्हणून तो परजीवींवर काम करणाऱ्या शास्त्रज्ञांकडे गेला. रूप आणि डीएनए दोन्ही जुळवल्यावर नाव निश्चित झालं : ओफिडॅस्कॅरिस रॉबर्ट्‌सी. ऑस्ट्रेलियातल्या कार्पेट पायथन या अजगराच्या पोटात राहणारा गोलकृमी. माणसाच्या शरीरात तो सापडल्याची जगातली ही पहिली नोंद, २०२३ मध्ये प्रसिद्ध झाली.

आता तुमच्या प्रश्नाला थेट भिडणारा भाग. त्या बाईनं अजगराला हात लावला नव्हता, सापाचं मांस खाल्लं नव्हतं, तिला साप चावलाही नव्हता. ती एका तळ्याजवळ राहायची. त्या तळ्याच्या आसपास हे अजगर असत. तळ्याकाठी उगवणारी वॉरिगल ग्रीन्स नावाची रानभाजी ती खुडून आणायची आणि स्वयंपाकात वापरायची. अजगराच्या विष्ठेतून जंताची अंडी गवतावर, पानांवर पडली, आणि पानांबरोबर किंवा पानं हाताळलेल्या हातांवाटे, ओट्यावरून ती तिच्या पोटात गेली, असा डॉक्टरांचा तर्क आहे. म्हणजे रोग सापाचा असला तरी तो आला भाजीच्या वाटेनं.

असं का व्हावं हे समजायला जंताचा संसार समजून घ्यावा लागतो. मोठा झालेला जंत अजगराच्या अन्ननलिकेत आणि जठरात राहतो. तो अंडी घालतो, ती विष्ठेबरोबर बाहेर पडतात. जमिनीवर चरताना, हुंगताना लहान सस्तन प्राणी ती अंडी गिळतात. त्या प्राण्याच्या पोटात अळी बाहेर येते, आतड्याच्या भिंतीतून आरपार जाते आणि यकृत, फुप्फुस अशा अवयवांत जाऊन थांबते. ती वाट पाहत असते ती त्या प्राण्याला अजगरानं गिळण्याची. अजगरानं गिळलं की अळी आपल्या घरी पोचली, तिथं ती पूर्ण वाढते, चक्र पुन्हा सुरू.

त्या बाईच्या शरीरात ही अळी उंदरासारख्या प्राण्यात शिरावी तशीच शिरली होती. जंताला माणूस ठाऊक नाही. त्याच्या लेखी अंडं गिळणारा तो उंदीर. पण माणसाला अजगर गिळत नाही, त्यामुळं अळीला पुढचा मुक्कामच नाही. ती पूर्ण वाढत नाही, अंडी घालत नाही, या अवयवातून त्या अवयवात भटकत राहते. म्हणूनच बाईच्या शौचात काही सापडलं नाही. पोटात मोठा जंत असता तर त्याची अंडी शौचात दिसली असती. इथं होती ती फक्त भटकी अळी. अशा माणसापासून दुसऱ्याला हा रोग होत नाही, हेही त्यातूनच येतं.

या हकीकतीतली आणखी एक गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते. अळीला मेंदूत शिरायला वाव मिळाला त्यात प्रतिकारशक्ती दाबणाऱ्या औषधांचा हात असू शकतो, असं खुद्द उपचार करणाऱ्या डॉक्टरांनीच लिहून ठेवलं आहे. त्यांनी ती औषधं तपासण्या करून, विचारपूर्वक दिली होती. आपल्याकडे मात्र सांधे दुखतात, दम लागतो, अंगाला खाज सुटते म्हणून कुणीतरी दिलेली स्टेरॉइडची गोळी वर्षानुवर्षं घेणारी माणसं खेडोपाडी भेटतात. आपल्या मातीत स्ट्राँजिलॉइडिस नावाचा एक बारीक जंत आहे. तो अनवाणी पायाच्या कातडीतून शिरतो आणि कित्येक वर्षं मुकाट्यानं आतड्यात राहतो. स्टेरॉइड सुरू झाली की तो बेसुमार वाढून जिवावर उठू शकतो. घरात कुणी अशी गोळी मनानं घेत असेल तर, ताई, अजगरापेक्षा त्या गोळीची काळजी आधी करा. मात्र ती एकदम थांबवू नका, डॉक्टरांना दाखवूनच कमी करा.

त्या बाईला पुढं आयव्हरमेक्टिन दोन दिवस आणि अल्बेन्डाझोल चार आठवडे दिलं गेलं, मेंदूला सूज येऊ नये म्हणून सोबत डेक्सामेथासोन. शस्त्रक्रियेनंतर सहा महिन्यांनी तिच्या रक्तातल्या पेशी सामान्य होत्या. विसराळूपणा आणि खिन्नता कमी झाली होती, पूर्ण गेली नव्हती.

मराठवाड्यात हे होईल का? तो कार्पेट पायथन आपल्याकडे नाही, त्यामुळं नेमका तो जंतही नाही. आपला अजगर वेगळ्या जातीचा, आणि असलाच तर किनवट-माहूरकडच्या जंगलपट्ट्यात. अहमदपूर, चाकूर, कंधारच्या शिवारात दिसतात ते धामण, नाग, घोणस, मण्यार, दिवड, तस्कर. ओफिडॅस्कॅरिसच्या भावकीतले इतर जंत जगभरच्या सापांत असतात, ते रानातल्या सापाला सहज होतात. पण त्यांच्यापैकी कुणी माणसाच्या शरीरात सापडल्याचं उदाहरण म्हणजे हे ऑस्ट्रेलियातलं एक. तिथं माणसं आणि अजगर पिढ्यान्‌पिढ्या एकाच परिसरात राहत आले आहेत, आणि इतक्या काळात एकाच व्यक्तीत तो सापडला. बांधावरची धामण पाहून झोप उडावी असं यात काही नाही. ती धामण तुमच्या शेतातले उंदीर खाते. तिला कुणी मारू नये, हेही इथंच सांगून ठेवतो.

तरीही सापापासून माणसाला परजीवी होतात, हे खरं आहे. त्यातले दोन सांगण्याजोगे आहेत, आणि दुसऱ्याचं आपल्या भागाशी अनपेक्षित नातं आहे.

पहिला आर्मिलिफर. दिसायला कंकणांची माळ घातलेल्या जंतासारखा, पण हा जंत नव्हेच. त्याचा डीएनए तपासला तेव्हा तो खेकडे आणि झिंग्यांच्या कुळातला निघाला. माशांच्या अंगाला चिकटून रक्त पिणाऱ्या एका कवचधारी प्राण्याचा तो जवळचा नातलग. कुठल्या तरी प्राचीन काळी त्यानं कवच टाकलं, पाय टाकले आणि सापाच्या फुप्फुसात मुक्काम ठोकला. तिथं तो रक्त पितो आणि हजारोंनी अंडी घालतो. अंडी श्वासनलिकेतून सापाच्या तोंडात येतात, लाळेतून आणि विष्ठेतून बाहेर पडतात. पुढं तीच गोष्ट : उंदीर अंडी गिळतो, अळी उंदराच्या यकृतात वेटोळं करून बसते, साप उंदीर गिळतो. पश्चिम आणि मध्य आफ्रिकेत जिथं सापाचं मांस खाल्लं जातं, साप सोलताना हात बरबटतात, पाटी-सुरी धुवायला पाणी नसतं, तिथं ही अंडी माणसाच्या पोटात जातात. मलेशियातल्या ओरांग अस्ली आदिवासींच्या शवविच्छेदनांत हा परजीवी वारंवार आढळल्याचा अभ्यास १९६९ मध्ये प्रसिद्ध झाला. बहुतेकांना आयुष्यभर त्याचा पत्ताही लागत नाही. अळी मरते, तिच्याभोवती चुना साठतो, आणि पुढं कधीतरी दुसऱ्याच कारणासाठी काढलेल्या एक्स-रेत पोटात चंद्रकोरीच्या आकाराचे पांढरे ठिपके दिसतात. क्वचित ती डोळ्यात जाते, तेव्हा मात्र दृष्टी धोक्यात येते. आशिया खंडातल्या सापांतही आर्मिलिफरची एक जात आहे. पण सापाचं मांस न खाणाऱ्या आणि साप न हाताळणाऱ्या माणसाला त्याची भीती बाळगण्याचं कारण नाही.

दुसरा स्पायरोमेट्रा. हा पट्टकृमी, म्हणजे फितीसारखा चपटा. मोठा झालेला पट्टकृमी कुत्र्या-मांजरांच्या आतड्यात असतो. त्यांच्या विष्ठेतली अंडी तळ्यात, डबक्यात पोचली की त्यातून निघालेली पिल्लं सायक्लॉप्स नावाचा पाण्यातला सूक्ष्म जीव गिळतो. सायक्लॉप्स बेडकाच्या पोटात जातो, बेडूक सापाच्या पोटात. अळी बेडकाच्या आणि सापाच्या मांसात पांढऱ्या फितीसारखी पडून राहते, आणि तो बेडूक किंवा साप मांजरानं खाल्ला की चक्र पुरं होतं. माणूस यात तीन वाटांनी सापडतो. सायक्लॉप्स असलेलं पाणी पिऊन, बेडूक किंवा साप कच्चा-अर्धाकच्चा खाऊन, आणि व्हिएतनाम-चीनकडच्या जुन्या उपचारात दुखऱ्या डोळ्यावर बेडकाचं ताजं मांस बांधून. तिसऱ्या वाटेत अळी मांसातून सरळ डोळ्यात शिरते.

माणसातली ही अळी डॉ. पॅट्रिक मॅन्सन यांनी १८८२ मध्ये चीनमधल्या अमॉय बंदरात एका शवविच्छेदनात पाहिली. ती कातडीखाली सरकते, गाठ आज इथं तर महिन्याभरानं दुसरीकडे. २०१४ मध्ये ब्रिटनमधल्या एका रुग्णाची हकीकत प्रसिद्ध झाली. मूळचा चिनी असलेला तो माणूस ५० वर्षांचा. डोकेदुखी, फिट, वासांची भलतीच जाणीव अशा तक्रारी होत्या. चार वर्षांच्या स्कॅनमध्ये मेंदूतला डाग सुमारे ५ सेंटिमीटर सरकत एका बाजूकडून दुसऱ्या बाजूला गेला होता. शेवटी केंब्रिजच्या डॉक्टरांनी शस्त्रक्रिया करून एक सेंटिमीटरची अळी काढली. भारतातही या रोगाचे मोजके रुग्ण नोंदले गेले आहेत. औषधाचा भरवसा कमी, शस्त्रक्रिया करून अळी काढणं हाच मुख्य इलाज.

आता सायक्लॉप्सकडे या, कारण मराठवाड्यातल्या साठीपुढच्या माणसांनी त्याचा प्रताप पाहिला आहे. नारू आठवतो? पायावर फोड यायचा, तो फुटला की पांढऱ्या दोऱ्यासारखा किडा डोकं काढायचा आणि काडीला गुंडाळत रोज थोडा थोडा ओढावा लागायचा. तुटला तर पाय सुजून माणूस महिनाभर अंथरुणावर, आणि हे नेमकं पेरणीच्या, राबणुकीच्या दिवसांत. नारूची अळी सायक्लॉप्सच्या पोटातूनच यायची. बारवेच्या, पायविहिरीच्या पायऱ्या उतरून माणूस पाण्यात पाय बुडवायचा, फोडातून अळ्या पाण्यात सुटायच्या, सायक्लॉप्स त्या गिळायचा, आणि तेच पाणी घागरीनं घरी जायचं. महाराष्ट्र हे नारूग्रस्त राज्यांपैकी एक होतं. १९८३ च्या सुमारास देशभर मोहीम सुरू झाली. पायऱ्यांच्या विहिरी बदलून घेतल्या, हातपंप बसवले, पाण्यात सायक्लॉप्स मारणारं टेमेफॉस टाकलं, घरोघरी पाणी दाट फडक्यातून गाळायला शिकवलं. देशातला शेवटचा रुग्ण जुलै १९९६ मध्ये राजस्थानात जोधपूर जिल्ह्यात सापडला, आणि फेब्रुवारी २००० मध्ये जागतिक आरोग्य संघटनेनं भारत नारूमुक्त झाल्याचं प्रमाणित केलं. या रोगावर लस नाही, खात्रीचं औषध नाही. गाळलेल्या पाण्यानं तो गेला. माझ्या मते आपल्या देशाच्या आरोग्याच्या इतिहासातलं हे फार मोठं काम आहे आणि त्याची आठवण आपण फारच कमी काढतो. तुमच्या सासूबाईंना विचारा, त्या गावातल्या नारूच्या गोष्टी सांगतील. तेच गाळलेलं किंवा उकळलेलं पाणी स्पायरोमेट्रालाही अडवतं. शेतात काम करताना ओढ्याचं, डबक्याचं पाणी ओंजळीनं पिऊ नका, एवढं पाळलंत तरी पुरे.

ताई, मेंदूतल्या जंताची भीती तुम्ही विचारली आहे, तर तिचं खरं ठिकाणही सांगितलं पाहिजे. मेंदूत अळी असलेले रुग्ण नांदेड-लातूरच्या डॉक्टरांना नवीन नाहीत. पण ती अळी सापाची नसते. ती टीनिया सोलियम या पट्टकृमीची असते. नीट न शिजलेलं, अळ्या असलेलं डुकराचं मांस खाल्लं की हा पट्टकृमी माणसाच्या आतड्यात वाढतो, आणि त्या माणसाच्या शौचातून त्याची अंडी बाहेर पडतात. ती अंडी डुकरानं खावीत आणि डुकराच्या मांसात अळ्या व्हाव्यात, हा त्याचा क्रम. उघड्यावर शौचाला बसल्यानं, मैलामिश्रित पाण्यावर वाढवलेल्या भाजीतून, न धुतलेल्या हातांतून ती अंडी दुसऱ्या माणसाच्या पोटात गेली, की अळ्या त्याच्या स्नायूंत आणि मेंदूत जाऊन बसतात. अजगराचा जंत माणसाला उंदराच्या जागी धरतो, हा डुकराच्या जागी धरतो.

डुकराचं मांस आमच्या घरात कुणी शिवत नाही, मग आम्हाला कसा होईल, असं बरेच जण विचारतात. घरात माळकरी असले, सगळं शाकाहारी असलं तरी होतो, कारण अंडी मांसातून येत नाहीत, दुसऱ्या माणसाच्या विष्ठेतून येतात. न्यू यॉर्कमधल्या सनातनी ज्यू वस्तीत, जिथं डुक्कर धर्मानंच निषिद्ध, तिथल्या लोकांच्या मेंदूत या अळ्या सापडल्याचं १९९२ मध्ये प्रसिद्ध झालं. स्वयंपाकघरात काम करायला ठेवलेल्या, हा रोग असलेल्या देशांतून आलेल्या माणसांकडून अंडी त्या घरांत पोचली होती.

आपल्या देशात फिट येण्याच्या मोठ्या कारणांपैकी हे एक आहे. तरण्याताठ्या माणसाला आयुष्यात पहिल्यांदा फिट आली की गावात बाहेरची बाधा म्हणतात, अंगारा लावतात, कांदा हुंगवतात. त्यात महिने जातात. मेंदूचा स्कॅन केला तर गाठ दिसते, आणि योग्य औषधांनी बहुतेक रुग्ण बरे होतात. लातूरचं आणि नांदेडच्या विष्णुपुरीचं अशी दोन्ही शासकीय वैद्यकीय महाविद्यालयं आपल्या हाताशी आहेत. तिथं जा. अल्बेन्डाझोल मात्र मनानं घेऊ नका. मेंदूत अळ्या असताना ते अचानक दिलं तर त्या मरताना सूज येते. किती द्यायचं, सोबत काय द्यायचं, हे डॉक्टरांनीच ठरवायचं असतं.

आता तुमच्या घोळाण्याचं. तो बंद करू नका. हरभऱ्याचा पाला, करडई, मेथी, पाथरी हे आपल्याकडचं मोलाचं खाणं आहे. फक्त धुण्याची पद्धत बदला. खुडलेली भाजी एकदा पाण्यात बुडवून काढणं पुरत नाही, कारण जंतांची अंडी चिकट असतात. पानं सुटी करा, मोठ्या पातेल्यात भरपूर पाण्यात खळबळून काढा, पाणी ओतून द्या, पुन्हा नवं पाणी घ्या. तळाला माती दिसेनाशी होईपर्यंत हे करा, शेवटी वाहत्या पाण्याखाली धरा. मीठ, व्हिनेगर, क्लोरीन यांनी ही अंडी मरतील असं समजू नका. त्यांचं कवच फार चिवट असतं. पाण्यानं ती फक्त निघून जातात, मरतात ती उष्णतेनं. म्हणून ओढ्याकाठची, जनावरं बसतात तिथली, गावाच्या सांडपाण्याजवळची भाजी कच्ची खाऊ नका, ती शिजवूनच खा. येळवशीच्या, म्हणजे वेळ अमावस्येच्या, भज्जीत जे जे पडतं ते तासभर रटरटतं, त्यात कुठलंही अंडं टिकत नाही. त्याच दिवशी शेतात उभ्याउभ्या सोललेले हरभऱ्याचे घाटे खाताना मात्र आधी हात धुवा. भाजी निवडल्यावर भाकरीला हात लावण्याआधीही.

नागपंचमीच्या पूजेत भीती बाळगण्यासारखं काही नाही. कपाळावरच्या मातीनं जंत होत नाहीत, तोंडात गेलेल्या मातीनं होतात. लेकरं तोंडात बोटं घालतात, म्हणून घरी आल्यावर त्यांचे हात साबणानं धुवा, नखं कापलेली ठेवा. वारुळाच्या बिळात हात घालू नका आणि दूध ओतू नका. साप दूध पीत नाही, ते आत जाऊन कुजतं.

प्रश्न : साप चावला तर विषाबरोबर असे जंतही अंगात जातात का?
– एक शेतकरी, ता. मुखेड, जि. नांदेड

उत्तर : नाही. ही अंडी पोटात जावी लागतात, दातातून रक्तात जात नाहीत. सर्पदंशात जीव जातो तो विषानं आणि उशिरानं. एका अंदाजानुसार २००० ते २०१९ या काळात भारतात सर्पदंशानं सुमारे १२ लाख माणसं दगावली, म्हणजे वर्षाला सरासरी ५८ हजार. तुमच्याच मुखेडला डॉ. दिलीप पुंडे यांनी सर्पदंशाचे रुग्ण वर्षानुवर्षं तपासले आणि ग्रामीण महाराष्ट्रातला दहा वर्षांचा अनुभव २००५ मध्ये 'नॅशनल मेडिकल जर्नल ऑफ इंडिया'त मांडला. तालुक्याच्या ठिकाणीही हा इलाज नीट होतो, हे त्यांच्या कामानं दाखवून दिलं. चावल्यावर कापू नका, चोखू नका, आवळून बांधू नका. चावलेला भाग हलू न देता १०८ ला फोन करा किंवा मिळेल त्या वाहनानं प्रतिविष असलेलं रुग्णालय गाठा. मारुतीच्या पारावर नेऊन बसवण्यात गेलेला अर्धा तास परत मिळत नाही.

प्रश्न : मी सर्पमित्र आहे. घरात निघालेले साप पकडून रानात सोडतो. मला धोका किती?
– एक तरुण, नांदेड

उत्तर : गावातल्या इतरांपेक्षा जास्त, तरी थोडाच. साप पकडताना तो घाबरून अंगावर विष्ठा टाकतो, हे तुम्हाला माहीत आहेच. ती हाताला, बाहीला, पिशवीला लागते. साप सोडून आल्यावर साबणानं कोपरापर्यंत हात धुतल्याशिवाय पाणी पिऊ नका, तंबाखू मळू नका, मोबाइलही हाताळू नका, कारण तोच मोबाइल नंतर जेवताना हातात येतो. पिशव्या वेगळ्या बादलीत उकळत्या पाण्यानं धुवा, स्वयंपाकाच्या जागी नकोत. सापाचं तोंड चेहऱ्याजवळ नेऊन, त्याचा मुका घेत काढलेले फोटो पोरं टाकतात. ते विषामुळं जीवघेणं आहेच, वर लाळेतल्या अंड्यांचंही आहे. सापाच्या आतड्यात साल्मोनेला हे जिवाणूही असतात, आणि जंतांपेक्षा त्यांच्यामुळं जुलाब-ताप होण्याची शक्यता खूप जास्त. पकडलेला साप घरात ठेवू नका. कायद्यानं तो गुन्हा आहे आणि घरातल्या लहान मुलांना त्याचा त्रास होऊ शकतो. पुढंमागं कधी ताप, खोकला किंवा पोटदुखी लांबली आणि रक्तात इओसिनोफिल वाढलेले निघाले, तर मी साप हाताळतो हे डॉक्टरांना आपण होऊन सांगा. त्यांना ते विचारायचं सुचेलच असं नाही.

प्रश्न : शाळेत मुलांना जंताची गोळी देतात. तिनं हे सगळे जंत जातात का?
– एक पालक, निलंगा

उत्तर : राष्ट्रीय जंतनाशक दिन २०१५ पासून १० फेब्रुवारीला पाळला जातो. १ ते १९ वर्षांच्या मुलांना तेव्हा अल्बेन्डाझोल देतात, दोन वर्षांपुढच्यांना ४०० मिलिग्रॅमची पूर्ण गोळी आणि त्याहून लहानांना अर्धी. ती आतड्यातल्या गोलकृमी, अंकुशकृमी, चाबूककृमींसाठी आहे. त्या जंतांमुळं मुलांचं रक्त कमी होतं, वाढ खुंटते, म्हणून ती चुकवू नका. अवयवांत शिरलेल्या अळ्यांवर एका गोळीचा उपयोग होत नाही, आणि गोळी घेतल्यावर लागण पुन्हा होणारच नाही असंही नाही. मूल त्या दिवशी आजारी असेल तर शाळेत तसं सांगा, पुढच्या फेरीला त्याला गोळी मिळते.